घडवीणा: रस्त्यावरची गिट्टी हलवणारं वाद्य

(पडद्यावर: पितळी पत्रा, त्यावर भुरभुरलेली पांढरी रांगोळी)

हा पत्रा बघा. चौकोनी, साधा, मधोमध एका बोल्टवर घट्ट बसवलेला, आणि आता कडेवरून व्हायोलिनचा गज ओढला की काय होते ते फक्त बघत राहा. रांगोळी आधी नुसती थरथरते, मग उड्या मारायला लागते, आणि सूर एकदा बरोबर लागला ना, की सगळी रांगोळी आपोआप रेषांवर जाऊन बसते. कोणी बोटसुद्धा लावलं नाही.

जादूबिदू काही नाही यात. पत्रा सगळीकडे सारखा हलत नसतो, काही रेषांवर तो जवळपास स्थिर असतो, आणि बाकी जागेवरून हाकललेले कण तिथे येऊन थांबतात. जर्मनीच्या अर्न्स्ट क्लाडनीने 1787 मध्ये या आकृत्या पुस्तकात छापल्या, 1809 मध्ये पॅरिसला नेपोलियनसमोर करून दाखवल्या, त्याला त्या इतक्या आवडल्या की यामागचं गणित सांगणाऱ्यासाठी बक्षीस लागलं, आणि ते 1816 मध्ये सोफी जर्मेनला मिळालं.

आमची घडवीणा इथूनच निघाली. आधीच सांगून टाकतो, घडवीणा नावाचं वाद्य कुठेच नाही, कोणत्या म्युझियममध्ये शोधायला जाऊ नका, आम्ही एका गोष्टीसाठी रचलेलं आहे. गोष्टीत ते नागपूरच्या महाल भागातल्या एका पडक्या वाड्याच्या माळ्यावर सापडते, सात तारा, खाली भोपळ्याच्या जागी पितळी परात, आणि वाजवणाऱ्याचा सूर लागला की समोरची दुनिया आकार बदलते. भिंत सरकते, पाणी उभं राहते, असं.

आता पहिल्याच मिटिंगमध्ये एक जण म्हणाला, "मग काहून बे, सरळ सोन्याच्या विटाच काढ ना त्यातून!" बरोबर बोलला तो. काहीही करू शकणारं वाद्य म्हणजे बोअर प्रकार, दोन सीनमध्ये गोष्ट संपते. म्हणून आम्ही पत्र्याचाच नियम उचलला, घडवीणा नवीन काही बनवत नाही, असलेलं फक्त हलवते. रांगोळी रेषेवर आली म्हणजे बाकी पत्रा उघडा पडला ना, तसंच.

(पडद्यावर: रात्रीची सीताबर्डी, बंद शटर, खड्ड्यात साचलेलं पाणी)

तर गोष्टीतला वाजवणारा रात्री सीताबर्डीच्या एका गल्लीत बसतो, खर्जातली तार छेडतो, आणि गिट्टी सरसर सरकत येऊन खड्डा भरून टाकते, वरून अशी सपाट की रोलर फिरवल्यासारखी. सकाळी लोक खुश, सेल्फी काढून राहिले. आणि तिकडे धरमपेठेत एका गल्लीचा रस्ताच गायब, कारण गिट्टी तिथूनच आली होती.

हे आम्हाला मारबतीवरूनही सुचलं म्हणा. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात काळी आणि पिवळी मारबत, म्हणजे मोठाले पुतळे, मिरवणुकीने निघते, ढोलताशे कडकडत असतात आणि सगळं गाव ओरडते, ईडा पीडा घेऊन जा गे मारबत! मला लहानपणापासून प्रश्न, घेऊन जा म्हणजे नेमकं कुठे? गावाच्या बाहेर, ठीक आहे, पण तिथेही कोणी राहातच असेल ना भाऊ.

वाद्य नागपुरातच का, याचंही एक कारण आहे. सी. व्ही. रमण, नोबेलवाले, तरुणपणी सरकारी हिशेब खात्यात अधिकारी होते, आणि 1910 च्या सुमारास त्यांची बदली काही काळ नागपूरला होती. त्यांच्याच नावाचं विज्ञान केंद्र गांधीसागरजवळ आहे, शाळेच्या सहलीत सगळेच गेलेले असतो आपण तिथे. त्यांचं तबल्यावरचं काम नंतरचं, कलकत्त्याचं. साध्या ढोलाच्या कातड्यातून निघणारे वरचे सूर एकमेकांशी जुळत नाहीत, सगळा गोंगाट, पण तबल्याच्या मधोमध ती काळी शाई आहे ना, तिच्या वजनाने ते सूर रांगेत येतात, म्हणून तबला सुरात लागतो. 1920 मध्ये त्यांनी हे 'नेचर' मासिकात मांडलं, आणि पुढे कातड्यावर बारीक वाळू टाकून आकृत्याही दाखवल्या. मग आम्ही काय केलं, घडवीणेच्या परातीलाही शाई लावून टाकली. शाई खरवडली की वाद्य मुकं.

बरं, आवाजाने वस्तू हलवणं अगदीच गप्पा नाहीत. मुतखडा आवाजाच्या धक्क्यांनी बाहेरूनच फोडतात, 1980 मध्ये म्युनिकला पहिल्यांदा केलं, आणि आता आपल्या ओळखीतल्या कोणाचा तरी फोडलेला असतोच, भले तो सगळ्यांना लेझरने फोडला म्हणून सांगत फिरतो. आणि थर्माकोलचा दाणा हवेत तरंगवता येते. सेकंदाला 40,000 कंपनं, म्हणजे आपल्या कानाला ऐकूच येणार नाही इतका बारीक आवाज, खालून आणि वरून सोडला की मध्ये ठराविक अंतरावर शांत जागा तयार होतात, दाणा तिथे अडकून बसते.

(पडद्यावर: हवेत तरंगणारे दाणे, एकावर एक)

या दोन दाण्यांमधलं अंतर हवेतल्या आवाजाच्या वेगावर ठरते, आणि वेग ठरते तापमानावर. डिसेंबरच्या पहाटे 10 अंशाला आवाज सेकंदाला साधारण 337 मीटर जातो, मे महिन्यात 45 अंशाला 358. म्हणजे थंडीत 4.2 मिलिमीटरवर असलेला थर उन्हाळ्यात जवळपास 4.5 वर. एवढ्याशाने काय होते म्हणाल, तर दहा थर वर गेलं की अडीच मिलिमीटर जागा चुकली, दाणा खाली.

म्हणून आमचा क्लायमॅक्स नवतप्यात, म्हणजे मे अखेरच्या त्या नऊ कडक उन्हाच्या दिवसांत ठेवला. वाजवणारा तोच डिसेंबरचा सूर लावते, हात तोच, तार तीच, पण गिट्टी खड्ड्यात न येता चार घरं सोडून नगरसेवकाच्या गेटसमोर ढीग लावते, गेट उघडेना. सीन लिहून झाला आहे, वाद फक्त मागच्या कूलरवर अडला आहे. एडिटर म्हणते घरघर काढून टाका, तारेचा आवाज दबतो. मी म्हणतो राहू द्या, नवतप्यात कूलर बंद करून वीणा वाजवत बसलेला माणूस नागपूरचा आहे हे कोणी मानणारच नाही.