निळू फुले : खर्जातली दहशत

(पडद्यावर : 'सामना'मधला प्रसंग. हिंदुराव आणि मास्तर समोरासमोर.)

हिंदुराव धोंडे पाटलाला ओरडावं लागत नाही. साखर कारखाना त्याचा, गाव त्याचं, गावातली गप्प बसलेली तोंडंही त्याचीच. समोर डॉ. श्रीराम लागूंचा दारुडा मास्तर. मारुती कांबळेचं काय झालं, हा त्याचा प्रश्न काही केल्या मिटत नाही. लागूंचा आवाज नशेबरोबर वर-खाली होतो, तर निळू फुले आवाज खर्जात ठेवतात. उत्तर देण्याआधी क्षणभर थांबतात, वाक्याचं शेपूट ओढतात आणि शेवटचा शब्द जवळजवळ गिळतात. तो ऐकायला प्रेक्षकाला पुढे सरकावं लागतं, आणि भीती नेमकी तेव्हाच पोचते.

जब्बार पटेलांचा आणि विजय तेंडुलकरांनी लिहिलेला हा चित्रपट १९७५ साली बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत होता. तोवर निळूभाऊंच्या या थांबण्यामागे कित्येक वर्षांची तालीम जमा झाली होती.

(पडद्यावर : लोकनाट्याची जुनी छायाचित्रं. ढोलकीचा ठेका, मग शांतता.)

नीळकंठ कृष्णाजी फुले पुण्याचे. तरुणपणी लष्करी वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत माळीकाम आणि त्याच्या जोडीला राष्ट्र सेवा दलाचं कलापथक. राम नगरकर, दादा कोंडके हेही त्याच मुशीतले. वगात, म्हणजे लोकनाट्यातल्या नाट्यभागात, कथेचा सांगाडा ठरलेला असतो, पण बोलणं त्या रात्रीच्या प्रेक्षकाकडे बघून रचावं लागतं. हशा चढत असताना पुढचं वाक्य टाकलं तर ते बुडतं. हशा पूर्ण विरल्यावर टाकलं तर प्रयोग थंड पडतो. हशा उतरणीला लागला की तिथेच वाक्य पकडायचं. हे कानानंच कळतं, सांगून येत नाही. शंकर पाटलांच्या 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यात प्रयोगामागून प्रयोग करताना निळूभाऊंचा हा कान पक्का झाला.

१९६८ साली अनंत माने यांच्या 'एक गाव बारा भानगडी'तले झेलेअण्णा आले आणि सिनेमाचं दार उघडलं. इथे वगातल्या नटाची हमखास फसगत होते. सेटवर हशा नसतो, तरी तो सवयीनं हशासाठी जागा सोडतो. मग शॉट पोकळ पडतो. निळूभाऊंनी ती जागा सोडली नाही, पण तिच्यात काम भरलं. समोरच्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळणं, गालातल्या गालात हसणं, नजर दुसरीकडे वळवून पुन्हा आणणं. प्रेक्षकाला दिसतो तो हिशेब मांडणारा माणूस.

त्यानंतर सरपंच, पाटील, सावकार, पुढारी यांची रांगच लागली. पडद्यावर ते दिसले की बायका बोटं मोडायच्या. त्यांची नक्कल आजही सगळीकडे होते, आणि बहुतेक वेळा फसते. नक्कल करणारे प्रत्येक वाक्य एकाच चालीत ओढतात. निळूभाऊ साधं वाक्य साधंच बोलतात. धमकी किंवा लालूच ज्या शब्दात दडलेली असते, तेवढाच शब्द लांबतो. सगळंच लांबवलं की उरतो नुसता विनोद, धाक नाहीसा होतो.

(पडद्यावर : रिकामा रंगमंच, एकच दिवा.)

१९७२, 'सखाराम बाइंडर'. तेंडुलकरांचं लेखन, कमलाकर सारंगांचं दिग्दर्शन. नवऱ्यानं टाकलेल्या बायांना घरात ठेवणारा, शिवराळ, पण आपल्यापुरते नियम पाळणारा सखाराम. हा नुसता राक्षस केला तर नाटक पहिल्या अंकातच संपतं. लक्ष्मी आली की त्याच्यात काय मऊ होतं आणि चंपा आली की काय तुटतं, हे दिसावं लागतं. सेन्सॉरनं प्रयोग अडवले, सारंग न्यायालयात लढले आणि नाटक पुन्हा उभं राहिलं. आमच्या मते निळूभाऊंचं रंगभूमीवरचं सर्वांत अवघड काम हेच.

हिंदीत 'सारांश'मधला गजानन चित्रे आठवावा : पुन्हा पुढारी, पण शहरी. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार १९९१ सालचा. १३ जुलै २००९ रोजी पुण्यात त्यांचं निधन झालं.

(पडद्यावर : 'सिंहासन'. मंत्र्यांच्या गर्दीत दिगू टिपणीस.)

त्यांचा आवाका पाहायचा असेल तर 'सामना'नंतर लगेच 'सिंहासन' लावा. १९७९ सालच्या या चित्रपटात सत्ता दुसऱ्यांकडे आहे : मुख्यमंत्री अरुण सरनाईक, अर्थमंत्री लागू. निळूभाऊ पत्रकार दिगू टिपणीस, म्हणजे मुख्यतः ऐकणारा माणूस. ऐकण्याचं काम फार नाजूक असतं. चेहऱ्यावर जास्त दाखवलं तर बोलणाऱ्याचा प्रसंग पळवला जातो, काहीच दाखवलं नाही तर माणूस खुर्चीसारखा दिसतो. दिगू दुसऱ्याचं वाक्य संपल्यावर चेहरा बदलत नाही. वाक्य अर्ध्यावर असतानाच त्याच्या डोळ्यांना पुढचं कळलेलं असतं. वगात कमावलेला तोच कान, या वेळी तोंड बंद ठेवून वापरलेला.

सगळा खेळ पाहून झाल्यावर शेवटी दिगू हसत सुटतो. हिंदुरावाचं हसू गालात अडवलेलं असायचं. हे कुणीच अडवत नाही. हसू चढतं, फाटतं, थांबायचं नाव घेत नाही, आणि पाहणाऱ्याला हसता येत नाही.

(आवाज तसाच ठेवून दृश्य काळं.)