तडा सगळ्यांनी पाहिला होता

२३ एप्रिल २०१३, मंगळवार. ढाक्याजवळचं सावर. राणा प्लाझा नावाच्या आठमजली इमारतीला मोठमोठे तडे गेले. खाली दुकानं आणि बँकेची एक शाखा, वर कपडे शिवणारे पाच कारखाने. इंजिनिअर आला, पाहून म्हणाला, इमारत धोक्याची आहे. सगळ्यांना बाहेर काढलं.

बुधवारी बँक उघडली नाही. दुकानंही बंद राहिली. शिलाईच्या बायकांना मात्र कामावर बोलावलं. आला नाहीत तर पगार मिळणार नाही, असं बजावून.

तेव्हा तिथलं किमान वेतन होतं महिन्याला ३००० टका. त्यातला एक महिना बुडाला, तर खोलीचं भाडं कुठून द्यायचं? तडा त्यांनीही पाहिलाच होता. तरी त्या जिना चढल्या.

नऊच्या सुमारास वीज गेली. वरच्या मजल्यांवरचे अवजड जनरेटर सुरू झाले, इमारत हादरली आणि मजल्यावर मजला कोसळत गेला.

१,१३४ माणसं गेली. जवळच्या अधरचंद्र शाळेच्या मैदानात प्रेतं ओळीनं ठेवली होती. हातात फोटो घेऊन आईबाप त्या ओळींमधून फिरत होते. कित्येकांची ओळख पटायला डीएनए तपासणी करावी लागली.

इमारत उभी होती बुजवलेल्या तळ्यावर. बांधली होती दुकानांसाठी. वरचे मजले बेकायदा चढवलेले, आणि त्यांच्यावर यंत्रांचं ओझं.

मग घाई कसली होती? माल बोटीवर चढवायच्या तारखेची. तारीख चुकली की तोच माल कारखानदाराला स्वतःच्या खर्चानं विमानानं पाठवावा लागतो, नाहीतर भाव पाडून द्यावा लागतो. आपल्याला स्वस्तात मिळणाऱ्या शर्टाची शिलाई या तारखांवर चालते.

पाचच महिने आधी, जवळच्याच आशुलियात, ताजरीन कारखान्याला आग लागली होती. धोक्याची घंटा वाजली, तरी कामगारांना यंत्रावर परत बसवलं. किमान ११२ जण दगावले. त्यातून कुणी काही शिकलं असतं, तर त्या बुधवारी जिन्यावर कुणी दिसलं नसतं.

मृतांच्या घरच्यांसाठी आणि जखमींसाठी ठरलेला ३ कोटी डॉलरचा निधी पुरा व्हायला २०१५ चा जून उजाडला.

त्याआधी, मे २०१३ मध्ये, परदेशी कपडे कंपन्या आणि कामगार संघटनांमध्ये सुरक्षेचा करार झाला, कायद्यानं बांधणारा. इमारतींची तपासणी, आगीपासून बचाव, दुरुस्तीचा खर्च, सगळं त्यात आलं. आणि एक हक्कही: इमारत धोक्याची वाटली, तर पगार न गमावता आत जायला नकार देण्याचा.