'मेटास्टेबल' म्हणजे नेमकं काय? एक विशेषण आणि त्याचे अनेक अर्थ

नमस्कार मंडळी. आजचा व्हिडिओ एका शब्दाबद्दल आहे. शब्द आहे 'मेटास्टेबल'.

रोजच्या बोलण्यात हा शब्द येत नाही, वर्तमानपत्रातही क्वचितच दिसतो. विज्ञानात मात्र तो भलभलत्या ठिकाणी भेटतो. स्फटिकांवर काम करणारे रसायनशास्त्रज्ञ तो वापरतात, अणुवैद्यक विभागातल्या औषधाच्या नावात त्याचं आद्याक्षर असतं, चिप डिझाइन करणाऱ्यांची त्याच्यामुळे झोप उडते आणि विश्वाच्या भवितव्यावरच्या शोधनिबंधांतही तो असतो. गोंधळ असा, की या सगळ्यांना त्यातून एकच गोष्ट म्हणायची नसते. एका विषयातला अर्थ मनात धरून दुसऱ्या विषयाचं पुस्तक उघडलं, तर वाचणारा हमखास चुकतो.

मराठीत यासाठी 'अर्धस्थिर' असं लिहिलेलं दिसतं आणि 'मितस्थायी' असंही. 'अर्धस्थिर' मला पटत नाही. हिरा मेटास्टेबल आहे, पण तो अर्धवट टिकाऊ आहे असं कोण म्हणेल? 'मितस्थायी'मध्ये काळाची मर्यादा आहे, आणि या शब्दाचा खरा प्राण काळच आहे. तरी आज मी 'मेटास्टेबल' असंच म्हणणार आहे, कारण तुम्हाला पुस्तकांत तोच भेटेल.

[पडद्यावर: डोंगरउतार, मध्ये खळगा, त्यात चेंडू]

आधी मूळ चित्र बघू. डोंगरउतारावर मध्येच एक खळगा आहे आणि त्यात चेंडू बसला आहे. हलकासा धक्का दिला तर तो डुलतो आणि परत खळग्यात येतो. म्हणजे स्थिर आहे. पण खाली दरी आहे, आणि चेंडूची सगळ्यात खालची जागा तिथे आहे. कडा ओलांडण्याइतका धक्का बसला की चेंडू दरीत गेलाच, परत वर येणार नाही. या चित्रात तीन गोष्टी आहेत: खालची जागा, मधली कड आणि किती वेळ थांबायचं. कुणी 'मेटास्टेबल' म्हटलं की हे तीन प्रश्न विचारायचे. कशाच्या तुलनेत? कशाने अडवलंय? आणि कोणत्या घड्याळाने मोजताय?

हा शब्द शास्त्रात रुजवण्यात विल्हेल्म ओस्टवाल्ड यांचा मोठा वाटा आहे. १९०९ साली त्यांना रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं. त्याआधी, १८९७ मध्ये, द्रावणातून स्फटिक कसे तयार होतात यावर लिहिताना त्यांनी दोन अवस्था वेगळ्या केल्या. काही अतिसंपृक्त द्रावणांत, म्हणजे मावतं त्याहून जास्त पदार्थ विरघळलेल्या द्रावणांत, आपोआप स्फटिक पडतात. काही मात्र शांत राहतात आणि आयता स्फटिककण टाकल्यावरच गोठतात. ही दुसरी अवस्था मेटास्टेबल.

घटना मात्र त्याहून बरीच जुनी आहे. फॅरनहाइट, ज्यांच्या नावाने तापमान मोजतात तेच, त्यांनी १७२४ साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. हवा काढून बंद केलेल्या काचेच्या गोळ्यात पाणी ठेवलं होतं. ते गोठणबिंदूच्या बरंच खाली गेलं तरी द्रवच राहिलं. त्यांनी नळीचं टोक मोडलं आणि पाण्यात भराभर बर्फ पसरला. शून्याखालच्या पाण्याला बर्फ होणं 'हवं' असतं, पण बर्फाचा पहिला कण जन्माला घालायला ऊर्जा मोजावी लागते. तो कण फारच लहान असेल तर त्याच्या पृष्ठभागाचा खर्च आतल्या बचतीपेक्षा जास्त होतो आणि तो विरघळून जातो. हीच कड. स्वच्छ पाण्याचे बारीक थेंब उणे ३८ अंश सेल्सिअसच्या आसपासपर्यंत द्रव राहू शकतात. ढगांत असे थेंब सर्रास असतात. विमान त्यातून गेलं की पंखावर आदळताक्षणी ते गोठतात, म्हणून विमानांवर बर्फ साचतो.

हिऱ्याचं तुम्ही ऐकलं असेल, त्यामुळे पटकन सांगते. साध्या दाबाला आणि तापमानाला कार्बनचं स्थिर रूप ग्रॅफाइट. हिरा त्याच्यापेक्षा वर आहे, पण फक्त मोलमागे ३ किलोज्यूलच्या आसपास. आणि कार्बन-कार्बन बंध तोडायला त्याच्या शंभरपटीहून जास्त ऊर्जा लागते. त्यामुळे हिरा ग्रॅफाइट 'व्हायला हवा', पण होत नाही. पोलादाचीही अशीच गोष्ट. लालभडक पोलाद पाण्यात बुडवून झटकन थंड केलं की मार्टेन्साइट नावाची कठीण रचना तयार होते, तीही मेटास्टेबल. अभियांत्रिकीची मुलं लोह-कार्बनची जी आकृती पाठ करतात, त्यातला सिमेंटाइटसुद्धा मेटास्टेबलच असतो. पुरेसा वेळ दिला तर तो लोह आणि ग्रॅफाइटमध्ये फुटेल.

औषधांच्या बाबतीत हा शब्द फार महागात पडलेला आहे. रिटोनाव्हिर हे एचआयव्हीवरचं औषध १९९६ साली बाजारात आलं. तेव्हा त्याचा एकच स्फटिकप्रकार माहीत होता. १९९८ मध्ये काही कॅप्सूल विरघळण्याच्या चाचणीत नापास होऊ लागल्या. शोध घेतल्यावर दुसरा स्फटिकप्रकार सापडला, जास्त स्थिर आणि खूपच कमी विरघळणारा. म्हणजे सगळ्यांना जो 'त्या औषधाचा स्फटिक' वाटत होता तो खळग्यातला निघाला. दरी कुणी पाहिलेलीच नव्हती. नव्या प्रकाराचे सूक्ष्म कण एकदा उत्पादनाच्या जागी पोचल्यावर तिथे जुना प्रकार शुद्ध मिळवणं अवघड झालं. त्या कॅप्सूल मागे घ्याव्या लागल्या आणि औषध नव्या स्वरूपात आणावं लागलं. मध्ये रुग्णांना त्रास झाला. म्हणून आज नवं औषध तयार करताना त्याचे शक्य तेवढे स्फटिकप्रकार आधीच शोधतात. रसायनशास्त्रात 'मेटास्टेबल' म्हणण्याआधी दरी कुठे आहे हे माहीत असावं लागतं, आणि ती नेहमी माहीत असतेच असं नाही.

[पडद्यावर: हिरवट तेजोमेघ]

आता अणूंकडे येऊ. इथे कड नाहीशी होते आणि तिच्या जागी नियम येतात.

अणूला ऊर्जा दिली की त्यातला इलेक्ट्रॉन वरच्या पातळीवर जातो आणि प्रकाश सोडून खाली येतो. सहसा याला सेकंदाचा दहा कोटीवा भाग वगैरे पुरतो. पण काही पातळ्यांवरून खाली यायची सरळ वाट पुंजयामिकीच्या नियमांनी जवळजवळ बंद असते. इलेक्ट्रॉन तिथे अडकतो. अशा पातळीला मेटास्टेबल म्हणतात. हेलियमची एक पातळी दोन तासांहून जास्त टिकते.

यातूनच खगोलशास्त्रातलं एक सुंदर कोडं जन्माला आलं. १८६४ साली विल्यम हगिन्स यांनी एका तेजोमेघाचा वर्णपट पाहिला आणि त्यात हिरव्या रेषा दिसल्या. नंतर लक्षात आलं, की त्या पृथ्वीवरच्या कुठल्याच मूलद्रव्याशी जुळत नाहीत. मग 'नेब्युलियम' नावाचं नवं मूलद्रव्य कल्पिलं गेलं. ते कित्येक दशकं टिकलं. १९२७ साली आयरा बोवेन यांनी दाखवलं की हा तर ऑक्सिजनच, दोन इलेक्ट्रॉन गमावलेला. त्याची ती पातळी अर्ध्या मिनिटाच्या आसपास टिकते. प्रयोगशाळेत एवढ्या वेळात दुसरा कण येऊन धडकतो आणि ऊर्जा हिरावून नेतो, प्रकाश बाहेर पडतच नाही. तेजोमेघ मात्र इतका विरळ असतो की अणूला निवांत वेळ मिळतो. मला हे उदाहरण सगळ्यात आवडतं. तोच अणू, तीच पातळी, पण भोवती गर्दी किती आहे यावर तिचा प्रकाश दिसणार की नाही ते ठरतं.

अणुकेंद्रकांतही हाच शब्द आहे. टेक्नेशियम-९९एम या नावातला 'एम' म्हणजे मेटास्टेबल. हृदयाच्या आणि हाडांच्या स्कॅनसाठी अणुवैद्यकात हा समस्थानिक प्रचंड वापरला जातो. उत्तेजित केंद्रक सहसा सेकंदाच्या अब्जांश भागाच्याही आत गॅमा किरण सोडून मोकळं होतं. टेक्नेशियम-९९एमचा अर्धायुकाल, म्हणजे निम्मी केंद्रकं बदलून जायला लागणारा वेळ, ६ तास. तेवढ्या वेळात औषध टोचता येतं, फोटो काढता येतात, आणि रुग्णाच्या शरीरात किरणोत्सर्ग फार काळ रेंगाळत नाही.

आणि मग आहे टँटलम-१८०एम. निसर्गात सापडणाऱ्या टँटलमच्या १०,००० अणूंत साधारण एक हा असतो. गंमत बघा: त्याची तळाची अवस्था ८ तासांच्या अर्धायुकालाने नष्ट होते, आणि वरची, 'मेटास्टेबल' म्हटलेली अवस्था नष्ट होताना आजवर कुणालाही दिसलेली नाही. तिचा अर्धायुकाल १ वर १६ शून्यं इतक्या वर्षांहून जास्त आहे, म्हणजे विश्वाच्या वयाच्या सात लाख पटींहून अधिक. दोन अवस्थांच्या कोनीय संवेगात इतका फरक आहे की उतरायची वाट जवळपास बंदच आहे. नावात 'तात्पुरती' असलेली अवस्था टिकते आणि 'तळाची' दिवसभरही टिकत नाही. 'मेटास्टेबल म्हणजे लवकर मोडणारं' असं मनात धरलं असेल, तर ते इथेच सोडून द्या.

मास स्पेक्ट्रोमेट्रीत, म्हणजे आयन (विद्युतभारित अणू-रेणू) वस्तुमानानुसार वेगळे करून मोजण्याच्या तंत्रात, घड्याळ एकदम दुसऱ्या टोकाचं. तिथे मेटास्टेबल आयन म्हणजे उगमापासून धड निघालेला आणि शोधकापर्यंत पोचण्याआधी वाटेत फुटलेला आयन. सगळा मामला काही मायक्रोसेकंदांचा. यंत्राची लांबी बदलली तर कुठला आयन मेटास्टेबल म्हणायचा तेही बदलेल.

आता सावध व्हा, कारण इलेक्ट्रॉनिक्समध्ये चित्रच उलटं होतं.

[पडद्यावर: दोन दऱ्या, मधल्या धारेवर चेंडू]

फ्लिप-फ्लॉप नावाच्या सर्किटला दोन स्थिर अवस्था असतात, शून्य आणि एक. घड्याळाचा ठोका पडतो तेव्हा आत आलेला सिग्नल बघून ते एक अवस्था निवडतं. पण नेमक्या त्याच क्षणी सिग्नल बदलत असेल तर? मग बाहेरचा व्होल्टेज मधेच लटकतो, ना शून्य ना एक. याला ते 'मेटास्टेबल' म्हणतात. नीट बघा: चेंडू खळग्यात नाही, धारेवर आहे. भौतिकशास्त्राच्या पुस्तकात याला सरळ 'अस्थिर समतोल' म्हटलं असतं. मला ही निवड पहिल्यांदा खटकली होती, पण त्यांचा प्रश्नच वेगळा आहे. त्यांना काळजी आहे ती सर्किट नको त्या अवस्थेत ठरलेल्या वेळेपेक्षा जास्त थांबतं याची.

पूर्वी अनेक अभियंत्यांचा यावर विश्वासच बसत नसे. १९७३ मध्ये थॉमस चेनी आणि चार्ल्स मॉलनर यांनी हे वागणं मोजून प्रसिद्ध केलं. त्यातून एक कडू सत्य सगळ्यांना स्वीकारावं लागलं: हे पूर्णपणे टाळता येत नाही. निर्णयाला किती वेळ लागेल याला कमाल मर्यादाच नाही. पण प्रत्येक जास्तीच्या क्षणासोबत लटकून राहण्याची शक्यता झपाट्याने घटते. म्हणून दोन वेगळ्या घड्याळांवर चालणारे भाग जोडताना एकापाठोपाठ दोन फ्लिप-फ्लॉप लावतात. पहिला लटकला तरी त्याला सावरायला एक पूर्ण ठोका मिळतो.

आता विश्वाचं. २०१२ मध्ये हिग्ज कण सापडला, वस्तुमान १२५ गिगाइलेक्ट्रॉनव्होल्टच्या जवळ. ते आणि टॉप क्वार्क या जड मूलकणाचं वस्तुमान घेऊन प्रमाण प्रतिकृतीची, म्हणजे मूलकणांच्या आजच्या मान्य सिद्धांताची (स्टँडर्ड मॉडेल), गणितं पुढे ताणली, तर निघतं की आपली निर्वात पोकळी सगळ्यात खालच्या अवस्थेत नसावी, मेटास्टेबल असावी. घाबरू नका, तिचा अपेक्षित काळ विश्वाच्या १३८० कोटी वर्षांपेक्षा कल्पनेपलीकडे मोठा आहे. शिवाय प्रमाण प्रतिकृतीच्या पलीकडे नवं काही निघालं तर उत्तर बदलेल. बातम्यांमध्ये 'विश्व अस्थिर आहे' असे मथळे येतात, ते चुकीचे आहेत. हा शब्द इथे ओस्टवाल्डच्याच अर्थाने आहे, खळग्यातला चेंडू.

मेंदूविज्ञानात मात्र खळगेच नाहीत. स्कॉट केल्सो यांच्यासारखे संशोधक 'मेटास्टेबल' म्हणतात तेव्हा मेंदूचे भाग एकमेकांशी जुळू पाहतात आणि सुटेही राहू पाहतात, कुठेच कायमचे अडकत नाहीत, असं वागणं अभिप्रेत असतं. त्यांचे लेख वाचताना डोंगरउताराचं चित्र बाजूला ठेवा.

आणि सगळ्यात ताजा वापर मोठ्या संगणकप्रणालींत आहे. २०२१ पासून तिथे 'मेटास्टेबल बिघाड' हा शब्द रूढ होतोय. समजा सर्व्हरवर अचानक भार आला. उत्तरं उशिरा जाऊ लागली, म्हणून वापरणाऱ्यांची ॲप तीच विनंती पुन्हा पुन्हा पाठवू लागली. मूळ भार ओसरला तरी या पुनरावृत्तीनेच सर्व्हर गुदमरलेला राहतो. इथे खळगा आहे, पण बिघाडाचा. बाकी सगळीकडे आपण खळग्यात टिकायची धडपड करतो, इथे त्यातून बाहेर पडायची. त्यासाठी विनंत्या जाणूनबुजून नाकाराव्या लागतात, कधी यंत्रणा बंद करून हळूहळू चालू करावी लागते. हे थांबवण्याची सोय आधीच करून ठेवली नसेल तर कारण सापडूनही तासन्तास उपयोग होत नाही.

तुमच्या विषयात हा शब्द येत असेल तर खाली लिहा, आणि लिहिताना ते तीन प्रश्नही सोडवून लिहा: कशाच्या तुलनेत, कशाने अडवलंय, किती काळ. द्रवस्फटिक, प्रथिनांच्या घड्या किंवा हवामानावर काम करणारं कुणी बघत असेल तर तुमची उदाहरणं मला जरूर हवी आहेत. पुढच्या व्हिडिओत त्यांवरच बोलू.