'कोंगो'ची सहा मिनिटं

सासेबो बंदरातली ही करडी विनाशिका 'कोंगो'. संस्कृतातल्या वज्रासाठी बौद्ध ग्रंथांतून जपानीत रूढ झालेला हा शब्द. नौकेचं नाव मात्र ओसाकाजवळच्या कोंगो डोंगरावरून ठेवलेलं. मित्सुबिशीच्या नागासाकी गोदीत 1990 साली बांधणी सुरू झाली आणि 25 मार्च 1993 रोजी ती सेवेत आली. एजिस म्हणजे रडार, संगणक आणि क्षेपणास्त्रं एकत्र जोडणारी अमेरिकी युद्धप्रणाली. अमेरिकी नौदलाबाहेरची ही पहिली एजिस नौका.

वरच्या अष्टकोनी पाट्या पाहा. चार दिशांना चार, प्रत्येक साडेतीन मीटरांहून रुंद. हे रडार फिरत नाही. त्याचा किरण इलेक्ट्रॉनिक पद्धतीने वळतो, म्हणून पहारा चारही बाजूंना एकाच वेळी राहतो.

31 ऑगस्ट 1998 रोजी उत्तर कोरियाचं तेपोडाँग क्षेपणास्त्र जपानवरून जाऊन पॅसिफिकमध्ये पडलं, तेव्हा या वर्गाच्या नौकांना पाहता येत होतं, अडवता येत नव्हतं. ही उणीव भरून काढायचं सरकारने डिसेंबर 2003 मध्ये ठरवलं. कोंगोची संगणकप्रणाली सुधारली गेली आणि येणारं क्षेपणास्त्र अवकाशातच पाडणारी एसएम-3 क्षेपणास्त्रं आली.

ती राहतात या झाकणांखाली. पुढे 29 सेल, म्हणजे क्षेपणास्त्र ठेवायचे उभे कप्पे, मागे 61. आठ-आठच्या संचांच्या हिशेबाने 32 आणि 64 हवेत. दोन्हीकडच्या तीन-तीन जागा क्रेनने घेतल्या. समुद्रातच भरणी व्हावी म्हणून ती बसवली, पण जड क्षेपणास्त्रं तिला पेलत नाहीत. ती धक्क्यावरच भरावी लागतात. आठ सेलांच्या ज्वाळांना खाली एकच पोकळी, आणि बाहेर पडायला दोन रांगांमधली वाट. इंजिन पेटूनही क्षेपणास्त्र सुटलं नाही, तर डब्यात पाणी सोडून त्याचा मारक भाग थंड ठेवतात. नाहीतर शेजारच्या सेलांनाही धोका.

17 डिसेंबर 2007, हवाई. दुपारी 12:05 ला काउआई बेटावरून चाचणीचं लक्ष्य, एक बॅलिस्टिक क्षेपणास्त्र, सुटलं. रडारने ते टिपलं, मार्गाचं गणित मांडलं. 12:08 ला झाकण उघडलं.

डेकवर दिसतो तो लोळ पहिल्या टप्प्याचा. तो गळतो, मग दुसरा. तिसरा टप्पा हवा संपल्यावर काम करतो, म्हणून तिथे पंखांचा उपयोग नाही. नाकाडावरचं आवरण निघतं आणि लहानसं मारक यान सुटं होतं. त्यात स्फोटकं नसतात. अवरक्त नजरेने ते लक्ष्याची उष्णता शोधतं, बाजूच्या झोतांनी स्वतःला सरकवत थेट जाऊन आदळतं. सुमारे तीन मिनिटांनी, पॅसिफिकच्या 160 किलोमीटर वर, ते आदळलं. अमेरिकेबाहेरच्या नौकेने बॅलिस्टिक लक्ष्य पाडण्याची ही पहिलीच वेळ.

पुढच्या वर्षी भगिनी नौका 'चोकाई'च्या चाचणीत शेवटच्या काही सेकंदांत लक्ष्य निसटलं. 

मार्च 2009 मध्ये खराखुरा आदेश आला: उत्तर कोरियाचं रॉकेट जपानवर पडू लागलं, तर पाडा. दोघी जपानच्या समुद्रात उभ्या राहिल्या. 5 एप्रिलला रॉकेट जपानवरून पुढे निघून गेलं, झाकणं बंदच राहिली. पुढे असे पहारे वाढत गेले, आणि त्यांचा ताण पडला तो प्रत्येक नौकेवरच्या सुमारे 300 जणांवर.