टेकडीवरचा पडदा आणि नटीचा आवाज

(दृश्य: रवांडाची राजधानी किगाली, तिच्या बाहेरची टेकडी. संध्याकाळ. चौघं जण एक जाडजूड गुंडाळी उलगडताहेत.)

रवांडा विषुववृत्तापासून जेमतेम दोन अंश दक्षिणेला. सूर्य वर्षभर सहाच्या सुमाराला मावळतो, त्यामुळे कुठल्याही महिन्यात साडेसहाला खेळ लावता येतो. सिनेमाचा हा पडदा पंख्यानं हवा भरून उभा राहतो, फुग्यासारखा. पंखा सुरू केला की खेळ संपेपर्यंत बंद करायचा नाही. जनरेटर अडखळला, तर पडद्यावर आधी सुरकुत्या पडतात आणि मग नायिका चेहऱ्यासकट खाली बसते. हजार टेकड्यांच्या या देशातल्या सिनेमाला हिलीवूड म्हणतात. रवांडाचे चित्रपटकार एरिक काबेरा यांच्या महोत्सवानं तो असा गावोगाव नेला.

(दृश्य: छोटं व्हिडिओगृह. लाकडी बाकं. निवेदकाचा आवाज.)

परदेशी सिनेमे इथे 'आगासोबानुये' करून पाहतात. एक माणूस मूळ संवादांवरून किन्यारवांडात, म्हणजे इथल्या भाषेत, गोष्ट सांगत सुटतो, मधेमधे पात्रांना टोमणेही मारतो. ऐकायला झकास, पण नटीचं कुजबुजणं, अडखळणं, गप्प बसणं त्याखाली सगळं बुडून जातं.

इथल्या नटीचं स्वतःचं चित्रीकरण सुरू झालं, की आवाजावर पाऊस पडतो. अगदी शब्दशः. मार्च ते मे आणि सप्टेंबरअखेर ते डिसेंबर, असे इथे दोन पावसाळे. घरांवर पत्रे. सर आली की खोलीतला संवाद वापरण्याजोगा राहत नाही. मग दोनच उपाय: सर थांबेपर्यंत युनिट बसवून ठेवायचं, नाहीतर नंतर डबिंग. डबिंगमध्ये नुसते ओठ जुळून भागत नाही. किन्यारवांडात स्वर लांबला किंवा सूर चढला, तर शब्दच बदलू शकतो, आणि रोजच्या लिखाणात यातलं काहीच दिसत नाही. परदेशी दिग्दर्शकाला ती चूक ऐकू येत नाही. म्हणून भाषा जाणणारा एक कान सेटवर हवाच.

चेहऱ्याचंही तसंच. दुपारी ऊन डोक्यावर येतं, डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात. अकरा ते दोन वर कापड ताणावं लागतं. सावळ्या त्वचेवर नुसता उजेड वाढवून काही साधत नाही. बाजूनं मोठा, मऊ प्रकाश द्यायचा, म्हणजे गालाची चमक दिसते. एक्स्पोजर चेहऱ्यावर धरायचं. मग पांढरा सदरा फटफटीत होतो, म्हणून तो आधी चहाच्या पाण्यातून काढायचा. पावडरीची छटा चुकली तर चेहरा राखेसारखा दिसतो.

(दृश्य: रवांडाच्या अभिनेत्री एलियान उमुहिरे यांची छायाचित्रं.)

रवांडातल्या १९९४च्या नरसंहारावर जगभर सिनेमे निघाले, पण त्यातल्या मोठ्या भूमिका बऱ्याचदा बाहेरच्यांकडे गेल्या. २००४चा 'हॉटेल रवांडा' तर बहुतांशी दक्षिण आफ्रिकेत चित्रित झाला. एलियान उमुहिरे यांना मोठी भूमिका मिळाली ती पोलिश सिनेमात, 'बर्ड्स आर सिंगिंग इन किगाली'मध्ये. नरसंहारातून वाचून पोलंडला पोचलेली क्लॉदीन त्यांनी केली. काम सुरू असताना दोन दिग्दर्शकांपैकी क्षिश्तोफ क्राउझे यांचं निधन झालं. योआना कोस-क्राउझे यांनी सिनेमा पुरा केला. २०१७ला चेक प्रजासत्ताकातल्या कार्लोवी वारी महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार उमुहिरे आणि त्यांच्या पोलिश सहअभिनेत्री योविता बुदनिक यांना विभागून मिळाला.

पुढे २०२१ला 'नेपच्यून फ्रॉस्ट', रवांडातच चित्रित झालेली विज्ञानकथा, तीही गाण्यांची. २०२३ला बेल्जियमचे दिग्दर्शक बलोजी यांचा 'ओग्यूर', कान महोत्सवात. २०२४ला हॉलिवूडचा 'अ क्वायट प्लेस: डे वन'. त्यात आवाज केला की मरण, म्हणजे नटीनं सगळं डोळ्यांनी आणि श्वासानं सांगायचं. आगासोबानुयेवाल्याची इथे पंचाईतच.

या यादीत पोलंड आहे, बेल्जियम आहे, अमेरिका आहे. किगालीत राहून रोजचं काम हवं असेल, तर ते मालिका आणि यूट्यूबवर. तिथे वेग हवा, पुरस्कार नाही. एका रस्त्यावरून दुसऱ्यावर जाणाऱ्या नट्या मोजक्याच.

(दृश्य: खेळ संपलाय. पंखा बंद. पडदा हळूहळू खाली येतो.)

दव पडायच्या आत कापड पुसून गुंडाळायचं. ओलं राहिलं, तर पुढच्या टेकडीवर पडद्यावर बुरशीचे डाग दिसतात, आणि नेमके क्लोजअपमध्ये.