आठ कशाचे? ‘अष्टभागी’ आणि ‘ऑक्टॅमर’ या शब्दांविषयी

कार्ल लिनियसचा ‘स्पीशीज प्लँटारम’ हा ग्रंथ १७५३ साली निघाला. त्याच्या ३४९व्या पानावर आपल्या ओळखीची दोन झाडे शेजारी-शेजारी बसलेली आहेत, मेंदी आणि बकुळ. एक कुंपणाचे झुडूप, दुसरा मोठा सावलीचा वृक्ष. त्यांचे एकमेकांशी जवळचे नाते नाही. तरी ती एका पानावर आली, कारण लिनियसने फुलातले पुंकेसर मोजले आणि दोन्हीकडे आठ भरले. आठ पुंकेसरांचा म्हणून त्याचा आठवा वर्ग, ‘ऑक्टँड्रिया’.

मोजणीत चूक नव्हती. पण आज वनस्पतिशास्त्राच्या भाषेत बकुळीचे फूल अष्टभागी आहे आणि मेंदीचे नाही. आजचा विषय हाच आहे. ‘ऑक्टो’ म्हणजे आठ, ‘मेरॉस’ म्हणजे भाग. दोन्ही शब्द ग्रीक. त्यांच्यापासून फुलासाठी ‘अष्टभागी’ हे विशेषण आले आणि रेणूसाठी ‘ऑक्टॅमर’ हे नाम. शब्दाचा अर्थ शाळकरी मुलगाही सांगेल. घोळ होतो तो ‘भाग’ कशाला म्हणायचे यावर.

फुलापासून सुरुवात करू. फुलात अवयवांची मंडले असतात. बाहेर निदल, मग पाकळ्या, मग पुंकेसर, मधोमध किंजपुट. फूल पंचभागी किंवा अष्टभागी ठरते ते एका मंडलातल्या संख्येवरून, आणि तीच संख्या किंवा तिची पट बाकीच्या मंडलांत सापडावी लागते. मेंदीचे इवलेसे फूल भिंगाखाली धरा. निदल चार, पाकळ्या चार. पुंकेसर आठ खरे, पण ते दोन पाकळ्यांच्या मधल्या जागेत जोडीजोडीने उभे असतात, चार जागी दोन-दोन. फुलाचा पाया चारचा आहे, आठ ही त्याची दुप्पट आहे. म्हणून मेंदी चतुर्भागी.

आता बकुळ. इथे बहुतेकांची मोजणी चुकते, आणि चुकण्याचे कारण मोठे गमतीचे आहे. बकुळीची फुले आपण जमिनीवरून वेचतो. पण खाली पडते ते अख्खे फूल नसतेच. पडतो तो पाकळ्यांचा पुंज, आणि त्याला चिकटलेले पुंकेसर. निदल आणि किंजपुट वर झाडावरच राहतात. म्हणूनच वेचलेल्या फुलाच्या मध्ये ते भोक असते, ज्यातून आपण दोरा ओवतो. वेचलेल्या फुलावरून चार मंडलांचा हिशोब लावणारा माणूस मुळात दोनच मंडले हातात घेऊन बसलेला असतो.

मोजायचे असेल तर उमलण्याच्या बेतातली कळी झाडावरून देठासकट घ्या. वाळलेला नमुना असेल तर कोमट पाण्यात दहा-पंधरा मिनिटे भिजवा, नाहीतर पाकळ्या चुरतात. आधी बाहेरचे निदल सुईने सोडवा. आठ मिळतील, पण एका रांगेत नाहीत, बाहेर चार आणि आत चार. कळी हाताशी नसेल तर फळ बघा. पिकल्या फळाच्या देठापाशीही हे निदल टिकून असतात. मग पाकळ्यांची नळी एका बाजूने चिरून कागदावर पसरा. इथे दुसरा चकवा आहे. डोळ्यांना चोवीस टोके दिसतात. खऱ्या पाकळ्या आठच; प्रत्येकीच्या पाठीवर पाकळीसारखीच दोन उपांगे फुटलेली असतात, त्यामुळे आठाचे चोवीस होतात. नळीच्या आत आठ पुंकेसर आणि त्यांच्या मधल्या जागांत आठ केसाळ वंध्य केसर. ते पांढरे असतात, त्यांना परागकोश नसतो. त्यांना पुंकेसरांत धरले तर सोळा येतात आणि सगळे गणित विस्कटते. शेवटी किंजपुट ब्लेडने आडवा कापा आणि दहा पट भिंगाखाली कप्पे मोजा. बहुधा आठ, क्वचित सहा-सात. फळ पिकेपर्यंत मात्र बी बहुतेक एकच उरते, त्यामुळे फळ कापून कप्प्यांची संख्या सांगता येत नाही.

निदल चार-चारच्या दोन रांगांत असताना फूल अष्टभागी कसे, ही शंका कोणी काढली तर ती रास्त आहे. पाकळ्या एकाच मंडलात आठ, पुंकेसर आठ, कप्पे आठ, म्हणून आपण त्याला अष्टभागी म्हणतो. पण नोंदवताना निदल ‘चार अधिक चार’ असेच लिहावे, नुसते ‘आठ’ लिहू नये. त्या अधिक चिन्हात माहिती आहे. बकुळीच्याच कुळातला चिकू बघा, तिथे निदल तीन अधिक तीन, पाकळ्या सहा, पुंकेसर सहा. रचनेची रीत तीच, आकडा बदलला. पण चिकूच्या किंजपुटात कप्पे दहा-बारा असतात, म्हणजे निसर्गाने आपली व्याख्या वाचलेली नाही.

आणखी दोन फसवी फुले पटकन सांगतो. पावसाळ्याअखेर पुण्याच्या टेकड्या पिवळ्या करून टाकणारा कॉसमॉस. त्याला सहसा आठ ‘पाकळ्या’ असतात, पण तो एक फुलोरा आहे. प्रत्येक पाकळी म्हणजे एक स्वतंत्र फूल आणि मधल्या बारक्या फुलांची टोके मोजली तर पाच भरतात. आणि पारिजातक. त्याच्या पाकळ्या पाच ते आठ कितीही निघतात, पुंकेसर मात्र दोनच. आठ पाकळ्यांचे प्राजक्त सापडले म्हणून ते अष्टभागी होत नाही.

प्राण्यांत हा शब्द त्यामानाने नेमका वापरला जातो. प्रवाळांचे दोन मोठे गट आहेत, एक आठाचा आणि दुसरा सहाचा. आठाच्या गटात मऊ प्रवाळ, समुद्रपंखे, समुद्रपिसे. प्रत्येक जीवाला आठ शुंडके आणि शुंडक्यांच्या दोन्ही कडांना पिसासारख्या झालरी. पोटातले उभे पडदेही आठ. सहाच्या गटात खडक बांधणारे प्रवाळ आणि काळे प्रवाळ, शुंडके साधे, झालरीविना. आपल्याकडे ‘इंद्रजाल’ म्हणून दुर्मीळ मुळी विकली जाते, ती मुळी नसून वाळलेला समुद्रपंखा किंवा काळे प्रवाळ असते. वाळल्यावर शुंडके उरत नाहीत, मोजायला आठही नाहीत आणि सहाही नाहीत. मग सांगाडा बघावा लागतो. काळ्या प्रवाळाच्या काडीवर भिंगाखाली बारीक काटे दिसतात, समुद्रपंख्याची काडी गुळगुळीत असते आणि तिच्यावरच्या सालीत चुन्याचे सूक्ष्म कण सापडतात. वन्यजीव संरक्षण कायद्याने दोन्ही संरक्षित आहेत, तेव्हा ओळख पटवण्यासाठी कोणी ते विकत घेऊ नये.

ऑक्टोपसला आठ बाहू असतात, पण तो अष्टभागी नाही. त्याच्या शरीराला डावी-उजवी बाजू आहे, तुमच्या-आमच्यासारखी. नुसता आकडा पुरत नाही; केंद्राभोवती भागांची पुनरावृत्ती लागते.

आता शब्दांच्या गर्दीबद्दल. मराठीत ‘अष्टक’ आधीच बरेच ओझे वाहते आहे. मंगलाष्टक आहे, ऋग्वेदाची अष्टके आहेत, आणि रसायनशास्त्रात बाहेरच्या कक्षेतल्या आठ इलेक्ट्रॉनांचे अष्टक आहे. म्हणून ऑक्टॅमरला ‘अष्टक’ म्हणू नये असे माझे मत आहे. अकरावीचा विद्यार्थी इलेक्ट्रॉन शोधत बसेल. फुलाला अष्टभागी म्हणा, रेणूला सरळ ऑक्टॅमर. ‘अष्टफलक’ तर आणखी वेगळा. त्याला आठ पृष्ठे असतात पण कोपरे सहाच. सल्फर हेक्झाफ्लोराइडचा रेणू अष्टफलकी आहे आणि त्यात सल्फरभोवती फ्लोरिनचे अणू सहा आहेत. ‘अष्ट’ ऐकून आठ अणू काढणारी आकृती उत्तरपत्रिकांत हमखास सापडते. आणि ज्याला पाश्चात्त्य संगीत आठाच्या नावाने ओळखते त्याला आपण सप्तक म्हणतो. स्वर तेच. ते वरचा सा धरतात, आपण धरत नाही.

रेणूंकडे येऊ. प्रथिनांत ‘भाग’ म्हणजे अमिनो आम्लांची एक अख्खी साखळी. आठ साखळ्या एकत्र येऊन एक घटक म्हणून वावरल्या की तो ऑक्टॅमर. आठही साखळ्या सारख्या असू शकतात, जसे काही सागरी कृमींमधले हेमएरिथ्रिन, किंवा मायटोकाँड्रियातले क्रिएटिन कायनेज. किंवा वेगवेगळ्या असू शकतात, आणि त्याचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण म्हणजे हिस्टोन ऑक्टॅमर. हिस्टोन म्हणजे पेशीकेंद्रातली ती प्रथिने, ज्यांच्याभोवती डीएनए गुंडाळलेला असतो.

एच-२ए, एच-२बी, एच-३ आणि एच-४ या चार हिस्टोनांच्या प्रत्येकी दोन साखळ्या, एकूण आठ, वस्तुमान सुमारे १०८ किलोडाल्टन (डाल्टन हे रेणूंच्या वस्तुमानाचे एकक). त्याभोवती डीएनएच्या अक्षरांच्या (बेसच्या) साधारण १४७ जोड्या डावीकडे वळत सुमारे १.६५ वेढे घेतात. आठ हिस्टोनांची ही मांडणी रॉजर कॉर्नबर्ग यांनी १९७४ मध्ये सुचवली, आणि करोलिन लुगर, टिमोथी रिचमंड व सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये २.८ अँगस्ट्रॉम इतक्या बारकाईने तिची स्फटिकरचना दाखवली. एच-१ हा हिस्टोन यात नाही. तो बाहेरून, डीएनए जिथे आत शिरतो आणि बाहेर पडतो तिथे बसतो. ‘पाच हिस्टोनांचा ऑक्टॅमर’ असे वाक्य दिसले की लिहिणाऱ्याने एच-१ला आत ढकलले आहे असे समजा.

हा ऑक्टॅमर प्रयोगशाळेत बांधताना ‘आठ’ किती नाजूक आहे ते कळते. चारही हिस्टोन ७ मोलर ग्वानिडिनच्या द्रावणात, अपचायक घालून, पूर्ण उलगडतात. मग समान रेणुसंख्येत मिसळून, एकूण प्रथिन मिलिलिटरला २ मिलिग्रॅमच्या आसपास ठेवून, २ मोलर मिठाच्या द्रावणात ४ अंश सेल्सिअसला डायलिसिस करतात, म्हणजे सच्छिद्र पडद्यातून ग्वानिडिन हळूहळू काढून टाकतात. द्रावण दोन-तीनदा बदलावे लागते. त्यानंतर जेल गाळणीच्या स्तंभातून घटक आकारमानाप्रमाणे वेगळे होतात, आधी गुठळ्या, मग ऑक्टॅमर, शेवटी सुटे द्विक, म्हणजे एच-२ए आणि एच-२बी यांची जोडी.

बिघडते ते बहुधा पहिल्याच पायरीला, मोजणीत. या चार हिस्टोनांत ट्रिप्टोफॅन नसते, त्यामुळे २८० नॅनोमीटरला शोषण कमी येते आणि प्रत्येक साखळीचे वेगळे येते. प्रत्येकीचा स्वतःचा शोषण-गुणांक न वापरता एकाच ठरावीक आकड्याने प्रमाण काढले, की प्रमाण बिघडले. एच-३ आणि एच-४ जास्त झाले तर त्यांचे चतुष्क, म्हणजे चार साखळ्यांचा गट, उरते आणि ते स्तंभात ऑक्टॅमरला इतके चिकटून येते की वेगळे करणे अवघड. म्हणून एच-२ए आणि एच-२बी मुद्दाम दहा-वीस टक्के जास्त घालतात. त्यांचे उरलेले द्विक बरेच मागून येते, सहज टाकून देता येते. दुसरी चूक मिठाची. डीएनए जोडण्याआधीच मीठ उतरवले तर ऑक्टॅमर फुटून मधले चतुष्क आणि दोन द्विके वेगळी होतात.

पेशीत २ मोलर मीठ कुठेच नसते. तिथे हिस्टोनांचे धन प्रभार डीएनएचा ऋण प्रभार सांभाळतो. आधी एच-३ आणि एच-४ यांचे चतुष्क डीएनएवर बसते, मग दोन बाजूंनी द्विके येतात. म्हणजे डीएनएवाचून सुटा हिंडणारा हिस्टोन ऑक्टॅमर ही मिठाच्या पाण्यातली वस्तू आहे.

आठ साखळ्या आहेत हे ठरवायचे कसे, यातही फसगत होते. एसडीएस हे साबणासारखे रसायन घातलेल्या जेलवर साखळ्या सुट्या होतात, तिथे एकेकीचे वजन कळते, संख्या नाही. अखंड घटकाचे वजन गाळणीवरून काढून भागाकार करावा, तर गाळणी वजनापेक्षा आकारमानाला दाद देते आणि दहा-वीस टक्के चूक सहज होते. वनस्पतींतल्या ग्लुटामाइन सिंथेटेज या विकराला (एन्झाइमला) अनेक वर्षे ऑक्टॅमर म्हटले गेले. एक साखळी साधारण ४० किलोडाल्टनची. आठांचे ३२०, दहांचे ४००. या दोन आकड्यांत निवाडा करण्याची ताकद गाळणीत नाही. २००६ मध्ये मक्याच्या विकराची स्फटिकरचना आली आणि पाच-पाचांची दोन कडी दिसली. साखळ्या दहा.

आणि याच शास्त्रात ऑक्टॅमर या शब्दाचा दुसरा अर्थही आहे. डीएनएच्या आठ अक्षरांच्या तुकड्यालाही ऑक्टॅमर म्हणतात. ए-टी-जी-सी-ए-ए-ए-टी हा त्यातला नामांकित, प्रतिपिंडांच्या जनुकांपुढे आढळणारा. समोरच्या धाग्यावरून उलटा वाचला तर तो ए-टी-टी-टी-जी-सी-ए-टी असा येतो, त्यामुळे दोन लेखांत दोन रूपे दिसली तरी तुकडा एकच. चार अक्षरांतून आठांचे ६५,५३६ शब्द होतात, म्हणजे निव्वळ योगायोगानेही एखादा ऑक्टॅमर जीनोममध्ये हजारो वेळा येणारच; सापडला म्हणून तो कामाचा असतो असे नाही. या तुकड्याला धरणाऱ्या प्रथिनांची नावे ऑक्ट-१, ऑक्ट-२ आणि ऑक्ट-४. जपानी शास्त्रज्ञ शिन्या यामानाका यांनी २००६ मध्ये उंदराच्या पेशी मागे फिरवायला, म्हणजे पुन्हा भ्रूणातल्या पेशींसारख्या करायला, जे चार घटक वापरले त्यातला एक हाच ऑक्ट-४. त्याच्या नावातले ‘ऑक्ट’ डीएनएच्या आठ अक्षरांवरून आले आहे, आणि ‘४’ हा निव्वळ अनुक्रमांक. त्या प्रथिनात स्वतःत आठ साखळ्या नाहीत.

आता ‘ऑक्ट-४ हा हिस्टोन ऑक्टॅमरभोवती गुंडाळलेल्या डीएनएवरचा ऑक्टॅमर ओळखतो’ हे वाक्य वाचा. पहिला ऑक्टॅमर आठ साखळ्यांचा, दुसरा आठ अक्षरांचा. अनुवादात दोन्हीकडे एकच मराठी शब्द घातला तर वाक्य संपलेच. पहिल्याला ‘हिस्टोन ऑक्टॅमर’, दुसऱ्याला ‘आठ अक्षरी क्रम’ असे लिहा.