बिंदू चौकात उभं राहून

श्रोतेहो, नमस्कार.

रेडिओवर फळा नाही, खडू नाही आणि आज मला निर्देशक भूमिती सांगायची आहे. फळ्याचं काम आपल्या कोल्हापूरकडूनच करून घेऊ.

बिंदू चौकात उभे आहात असं समजा. तोंड उत्तरेकडे. डाव्या हाताकडून उजव्या हाताकडे, म्हणजे पश्चिमेकडून पूर्वेकडे, मनातल्या मनात एक सरळ रेघ ओढा. हा क्ष अक्ष. दुसरी रेघ पाठीमागून समोर, दक्षिणोत्तर. हा य अक्ष. त्या जिथं छेदतात तो आरंभबिंदू, नेमका तुमच्या पायाखाली. त्याचे निर्देशक, म्हणजे त्याची जागा सांगणाऱ्या दोन संख्या, आधी क्ष मग य: (०, ०). इथले रस्ते असे काटकोनात जात नाहीत, हे मलाही ठाऊक आहे! रस्ते विसरा, घारीसारखं वरून बघा.

उजवीकडे आणि समोर धन, डावीकडे आणि मागे ऋण. शहराचे चार भाग झाले, त्यांना चरण म्हणतात. रेल्वे स्टेशन ईशान्येला, दोन्ही संख्या धन, म्हणून पहिला चरण. पंचगंगेचा घाट वायव्येला, क्ष ऋण आणि य धन, तो दुसरा. रंकाळा नैर्ऋत्येला, दोन्ही ऋण, तिसरा. शिवाजी विद्यापीठ आग्नेयेला, चौथा. हा क्रम देवळातल्या प्रदक्षिणेच्या उलटा फिरतो, एवढं ध्यानात ठेवलं की चरण चुकत नाहीत.

आता (-४, ०) हा बिंदू कुठल्या चरणात? बरीच मुलं बिनदिक्कत "दुसऱ्या" लिहून येतात. अहो, चौकातून ठीक पश्चिमेला चार पावलं टाकलीत. उत्तरेला नाही, दक्षिणेला नाही. तुम्ही अक्षावरच आहात. अक्षावरचा बिंदू कुठल्याच चरणात मोडत नाही.

आरंभबिंदू कुठं धरायचा हे मात्र आपल्या हातात. कोल्हापुरात पत्ता विचारून बघा. शिवाजी पेठेतला माणूस त्याच्या तालमीपासून सांगणार, मंगळवार पेठेतला त्याच्या. आकडे वेगळे येतात, घर जागचं हलत नाही. फक्त कुणाच्या तालमीपासून मोजलं ते आधी विचारून घ्यावं.

ही कल्पना रुजवणाऱ्यांत फ्रान्सचा रेने देकार्त. १६३७ साली त्याचं भूमितीवरचं लेखन छापलं गेलं. गंमत म्हणजे आज वहीत काढतो तसे दोन्ही अक्ष आणि त्यांच्या ऋण बाजू त्यात नाहीत. ती भर पुढच्यांनी घातली.

राहिला जोडीतल्या संख्यांचा क्रम. (३, २) म्हणजे तीन पूर्वेला, दोन उत्तरेला. (२, ३) ही दुसरीच जागा. वहीत क्ष आधी, य नंतर. फोनच्या नकाशात मात्र उलटं. तिथं कोल्हापूर साधारण १६.७, ७४.२ असं दिसतं. पहिला आकडा अक्षांशाचा, म्हणजे विषुववृत्तापासून किती उत्तरेला. दुसरा रेखांशाचा, ग्रिनिचपासून किती पूर्वेला. तिथला आरंभबिंदू आफ्रिकेच्या पश्चिमेला, समुद्रात आहे.

घरात कुणाचा फोन मोकळा असेल तर हेच आकडे उलटे टाका: ७४.२, १६.७. नॉर्वेच्याही उत्तरेला, थंडगार पाण्यात जाऊन पडाल. स्वेटर जवळ असू द्या. नमस्कार.